1700 नंतरचं सेफोरिस

इस्रायलच्या 1978 सालच्या पुरावस्तू कायद्यात ‘पुरातन’ची हद्द एका सालावर येऊन थांबते: 1700. माणसाने त्याआधी घडवलेली वस्तू पुरातन, तिला आपोआप संरक्षण. नंतरची असेल तर मंत्र्याने तसं खास जाहीर करावं लागतं, तोवर ती नुसतीच जुनी. हे साल इस्रायलच्या कायदेकारांनी स्वतः काढलेलं नाही. ब्रिटिशांनी 1929 मध्ये पॅलेस्टाइनसाठी जो वटहुकूम काढला त्यात ते होतं, आणि पुढे ते तसंच चालू राहिलं. आपल्या 1972 च्या कायद्यात साल नाही, वय आहे. वस्तू शंभर वर्षांची झाली, हस्तलिखित पंचाहत्तर वर्षांचं झालं, की ती पुरावस्तू. त्यामुळे आपली रेघ दर वर्षी पुढे सरकत राहते. तिथली 1929 पासून जागची हललेली नाही.

वरवर पाहता ही कारकुनी तरतूद आहे. पण एखाद्या गावाचं काय राहावं आणि काय जावं, हे असल्या तरतुदींत ठरून जातं. नाझरेथच्या वायव्येला पाच-सहा किलोमीटरवर असलेल्या एका टेकडीचं तसंच झालं. हिब्रूत तिचं नाव झिपोरी, ग्रीक ग्रंथांत सेफोरिस, रोमन काळात काही शतकं दिओकैसरिया आणि अरबीत सफ्फूरिया. पहिल्या शतकातला ज्यू इतिहासकार जोसेफस या शहराला अख्ख्या गॅलिलीचा, म्हणजे आजच्या उत्तर इस्रायलमधल्या प्रदेशाचा, दागिना म्हणतो. आज तिथे राष्ट्रीय उद्यान आहे, आणि ‘ज्यू, रोमन, ख्रिस्ती अशा अनेक संस्कृती जिथे एकत्र नांदल्या ते शहर’ अशी त्याची ख्याती आहे. ख्याती खोटी नाही. माझी तक्रार एवढीच, की हे नांदणं मोजताना शेवटची पायरी गाळली जाते.

आधी काय सापडलं ते पाहू, कारण ते खरोखरच विलक्षण आहे.

1931 मध्ये मिशिगन विद्यापीठाचे लेरॉय वॉटरमन तिथे एक हंगाम खोदून गेले. त्यांना रोमन नाट्यगृह सापडलं आणि एक मोठी इमारत सापडली. ती इमारत त्यांनी ख्रिस्ती बॅसिलिका ठरवली. येशूच्या गावाशेजारी खोदायला आलेल्या अमेरिकन प्राध्यापकाला चर्च दिसावं यात नवल नाही. पुढच्या अभ्यासकांनी ते कुणातरी सधन माणसाचं घर असावं असं मत मांडलं. त्यानंतर पन्नासेक वर्षं फारसं काही झालं नाही. 1983 मध्ये साउथ फ्लोरिडा विद्यापीठाचे जेम्स स्ट्रेंज आले, 1985 मध्ये ड्यूक विद्यापीठाचे एरिक आणि कॅरल मायर्स आणि जेरुसलेमच्या हिब्रू विद्यापीठाचे एहुद नेत्झर यांनी संयुक्त मोहीम सुरू केली, आणि पुढची कित्येक वर्षं हिब्रू विद्यापीठाचे झेव वाइस यांनी तिथे काम केलं.

त्या कामातून एक गुंतागुंतीचं शहर वर आलं. पश्चिमेकडच्या उतारावर घरांची दाटी, आणि त्या घरांत खडकात कोरलेल्या, पायऱ्या उतरत जाणाऱ्या लहान टाक्या. या मिकव्हे, म्हणजे ज्यू धर्माप्रमाणे शुद्धिस्नानाच्या टाक्या. रोमन काळाच्या सुरुवातीच्या थरांत डुकराची हाडं नगण्य आहेत. पुढे बायझंटाइन, म्हणजे ख्रिस्ती झालेल्या पूर्व रोमन साम्राज्याच्या काळात त्यांचं प्रमाण वाढतं. दगडी भांड्यांचे तुकडे मिळतात, कारण ज्यू नियमांत दगडाला विटाळ लागत नाही. म्हणजे इथली माणसं सोवळं पाळणारी होती. आणि याच सोवळ्या वस्तीतल्या एका टाक्यात ग्रीक पुराणांतल्या पॅन आणि प्रोमिथियस यांच्या छोट्या ब्राँझ मूर्ती सापडल्या.

नाट्यगृहाला लागून तिसऱ्या शतकातला एक प्रशस्त वाडा आहे. त्याच्या भोजनगृहाची जमीन म्हणजे मद्याचा देव डायोनिसस याचं चरित्रच. एका चौकटीत तो आणि ग्रीक महावीर हेराक्लीस यांची दारू पिण्याची पैज लागली आहे, दुसरीकडे हेराक्लीस हरून लडबडला आहे, आणि प्रसंगाचं नाव ग्रीकमध्ये लिहिलेलं आहे, न जाणो कुणाला कळलं नाही तर. कडेच्या वेलबुट्टीत एका बाईचा चेहरा आहे, मान किंचित कलती, गालांवर दगडाच्या बारीक तुकड्यांनी साधलेली लाली. 1987 मध्ये ती सापडली तेव्हापासून तिला ‘गॅलिलीची मोनालिसा’ म्हणतात. हा वाडा 363 च्या भूकंपात कोसळला, म्हणून फरशी वाचली. वाड्याचा मालक कोण? मूर्तिपूजक रोमन अधिकारी, की ग्रीक थाटात राहणारा श्रीमंत ज्यू? उत्खनकांनी दुसरी शक्यताही गंभीरपणे मांडली आहे. मला ती पटते, कारण याच शहरात इ.स. 200 च्या सुमारास रब्बी यहुदा हनासी राहत होते. ज्यू मौखिक कायद्याचा पहिला मोठा संग्रह, मिश्ना, त्यांनी सिद्ध केला. मिश्नावर पुढे रचलेला ज्यू ग्रंथ तालमुद सांगतो की त्यांची प्रकृती नरम असायची, आणि ही जागा उंचावर, इथली हवा चांगली, म्हणून त्यांना इथे आणलं. धर्मशास्त्राचा एवढा मोठा ग्रंथ आकाराला आला तो रोमन नाट्यगृह असलेल्या गावात, हे एरवी कल्पनेनेही कुणाला सुचलं नसतं.

पण खरा मासला आहे तो सिनेगॉगचा. पाचव्या शतकातलं हे प्रार्थनागृह 1993 मध्ये उजेडात आलं. लांबट, अरुंद दालन, आणि जमिनीवर टोकापासून टोकापर्यंत मोझेक. मधोमध राशिचक्र. मेष, वृषभ, मिथुन सगळ्या राशी आपापल्या घरात, सोबत महिन्यांची हिब्रू नावं. चार कोपऱ्यांत चार ऋतू, त्यांची नावं हिब्रूतही आणि ग्रीकमध्येही. देणगीदारांची नावं ॲरमेइक आणि ग्रीकमध्ये. चक्राच्या मध्यभागी चार घोड्यांचा रथ आहे. हम्मात तिबेरियास आणि बेथ अल्फा इथल्या सिनेगॉगमध्येही असाच रथ आहे, पण तिथे रथात ग्रीक सूर्यदेव हेलिओस माणसाच्या रूपात बसलेला दिसतो. सेफोरिसच्या कारागिराने, किंवा त्याला काम सांगणाऱ्या पंचांनी, तेवढी एक गोष्ट बदलली. रथ ठेवला, घोडे ठेवले, आणि देवाच्या जागी किरणं फाकलेलं नुसतं सूर्यबिंब बसवलं. जरा वर दुसऱ्या चौकटीत अब्राहम आपल्या मुलाला बळी द्यायला निघाला तो प्रसंग आहे. चित्र बरंच उखडलं आहे, पण झाडाखाली काढून ठेवलेल्या चपलांचे दोन जोड शाबूत आहेत, एक मोठा आणि एक लहान. पवित्र जागी जाताना पायातलं काढायचं, हे बायबलच्या त्या कथेत लिहिलेलं नाही; चित्रकाराने ते घातलं.

हे सूर्यबिंब मला त्या सगळ्या शहराची किल्ली वाटतं. कुणीतरी बसून, नीट विचार करून, किती घ्यायचं आणि कुठे थांबायचं ते ठरवलेलं आहे. ‘संस्कृतींचा संगम’ वगैरे शब्द आपण इतक्या सहज वापरतो की त्यामागे अशी घासाघीस असते हे विसरून जातो.

आणि घासाघीस फक्त चित्रांपुरती नव्हती. सेफोरिसचं बहुसांस्कृतिक असणं एका राजकीय मांडवलीवर उभं होतं. इ.स. 66 मध्ये ज्यूंनी रोमविरुद्ध मोठं बंड केलं. गॅलिलीतल्या बंडखोरांचं सेनापतिपद जोसेफसकडे होतं. सेफोरिस ज्यू शहर, तरी त्याने बंडाला साथ दिली नाही. उलट रोमन सेनापती व्हेस्पेशियनकडे शिबंदी मागून घेतली. तिथून दहाएक किलोमीटरवरच्या योदफातने वेढा सोसला आणि 67 मध्ये ते पडलं. योदफातच्या उत्खननात बाणाची टोकं, यंत्राने फेकलेले दगडी गोळे आणि माणसांची हाडं मिळाली आहेत. ते गाव पुन्हा तसं वसलंच नाही. त्याच सुमारास सेफोरिसने स्वतःची नाणी पाडली आणि त्यांवर स्वतःचं नाव लिहिलं: आयरेनोपोलिस, शांतिनगर. नाण्यावर बादशहाचा चेहरा मात्र घेतला नाही. तेवढी घासाघीस तिथेही होतीच.

पुढे इ.स. 132 ते 135 मधलं बार कोखबाचं बंड मोडलं, जेरुसलेम ज्यूंना बंद झालं आणि ज्यू जीवनाचं केंद्र गॅलिलीत सरकलं. त्याच शतकात सेफोरिसचं नाव बदलून दिओकैसरिया झालं, म्हणजे झ्यूसचं आणि सीझरचं गाव, आणि नाण्यांवर देवळं आली. एका रोमन देवळाचा पाया उत्खननात मिळाला आहे. त्याच्यावर नंतर चर्च बांधलं गेलं. हे सगळं पाहिल्यावर तिथे सगळे गुण्यागोविंदाने राहत होते, असा निष्कर्ष काढणं भाबडेपणाचं आहे. ते शेजारी शेजारी राहत होते, एकमेकांकडून उचलत होते, आणि वरच्या सत्तेशी जमवून घेत होते. ज्यांनी जमवून घेतलं नाही त्यांचं गाव शेजारच्या डोंगरावर राख होऊन पडलं होतं, हे त्यांना रोज दिसत असणार. शहराला नावं ठेवण्यासाठी मी हे सांगत नाही. जगण्याची ही रीत मला योदफातच्या हौतात्म्याइतकीच आदरणीय वाटते, आणि मिश्ना आपल्या हाती आली ती या रीतीमुळे. पण माहितीपत्रकातलं गोड सहजीवन आणि हे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

आता शेवटची पायरी.

टेकडीच्या माथ्यावर एक चौकोनी बुरूज उभा आहे. खालचा भाग क्रूसेडरांच्या, म्हणजे मध्ययुगात धर्मयुद्धासाठी आलेल्या युरोपीय ख्रिस्ती योद्ध्यांच्या काळातला, आणि त्याच्या कोपऱ्यांत धोंडे म्हणून रोमन काळातल्या दगडी शवपेट्या बसवलेल्या आहेत. नक्षी अजून ओळखू येते. अठराव्या शतकात गॅलिलीचा अरब सत्ताधीश दाहिर अल-उमर याने हा बुरूज दुरुस्त करून वर बांधकाम केलं. ऑटोमन सुलतान दुसरा अब्दुल हमीद याच्या काळात त्याची पुन्हा डागडुजी झाली आणि तिथे गावची शाळा भरू लागली. ती 1948 पर्यंत भरत होती. गाव होतं सफ्फूरिया. डाळिंबांसाठी आणि जैतुनासाठी पंचक्रोशीत नावाजलेलं, नाझरेथ परिसरातलं मोठं गाव. 1945 च्या ब्रिटिश नोंदीत त्याची लोकसंख्या 4,330 आहे. वॉटरमन खोदायला आले तेव्हा हे गाव नांदतं होतं.

इस्रायलच्या स्थापनेनंतर लगेच झालेल्या अरब-इस्रायल युद्धात, जुलै 1948 च्या मध्याला, इस्रायली फौजांनी गावावर विमानातून बाँब टाकले आणि ते ताब्यात घेतलं. बरेचसे लोक उत्तरेला लेबनॉनकडे पळाले आणि तिथल्या निर्वासित छावण्यांत राहिले. जे जवळपास राहिले किंवा परत आले त्यांनाही 1949 च्या सुरुवातीला बाहेर काढण्यात आलं. पुढे घरं पाडली गेली, उतारावर ज्यू राष्ट्रीय निधीने पाइनची झाडं लावली, आणि 1949 मध्येच रुमानिया आणि बल्गेरियातून आलेल्या ज्यू कुटुंबांची झिपोरी नावाची शेतकी वसाहत शेजारी उभी राहिली. ती कुटुंबंही युरोपातून कशी आली असतील ते वेगळं सांगायला नको. सफ्फूरियाची बरीच कुटुंबं नाझरेथमध्ये स्थिरावली; तिथल्या त्यांच्या मोहल्ल्याला सफाफ्रा म्हणतात. हे लोक इस्रायलचे नागरिक आहेत, मतदान करतात, कर भरतात. पण 1950 च्या ‘गैरहजरांच्या मालमत्ते’च्या कायद्याप्रमाणे आपल्या जमिनींच्या बाबतीत ते गैरहजर ठरले. जमिनीपासून तासभर चालण्याच्या अंतरावर राहून गैरहजर.

आणि इथे ते 1700 साल कामाला येतं. बुरुजाचा खालचा भाग, शवपेट्या, मोझेक यांना कायद्याचं कवच आहे. घरांचे पाये, तेलाची घाणी, स्मशानातल्या कबरी, शाळेच्या वर्गखोल्या यांना आपोआप मिळणारं कवच नाही. त्या पाडायला किंवा त्यांवर झाडं लावायला पुरातत्त्व खात्याची आडकाठी येत नाही. जे गाव शेकडो वर्षं त्या टेकडीवर होतं, त्याचा बहुतेक दिसणारा भाग अठराव्या शतकानंतरचा असल्यामुळे ते इतिहासात मोडतच नाही.

यावर जे आक्षेप घेतले जातात त्यांतला पहिला मला रास्त वाटतो. उत्खनकांनी गाव पाडलेलं नाही. ते काम सैन्याने आणि सरकारने केलं, मायर्स किंवा वाइस तिथे पोचले तेव्हा त्याला तीस-चाळीस वर्षं होऊन गेली होती. शिवाय या मंडळींनी शास्त्राशी प्रामाणिक राहून काम केलं. ज्यू राष्ट्रात, ज्यूंच्या पवित्र इतिहासाच्या जागी खोदताना त्यांनी डायोनिसस लपवला नाही, हाडांची मोजदाद प्रसिद्ध केली, आणि ‘शुद्ध’ ज्यू शहराचं चित्र स्वतःच्या हाताने पुसलं. हे मला पूर्ण मान्य आहे. म्हणूनच पुरातत्त्वावर सरसकट बहिष्कार घाला, ते वसाहतवादाचं हत्यार आहे, असं म्हणणाऱ्यांशी माझं पटत नाही. शुद्धतेच्या वेडावर सेफोरिसच्या फरशीइतका चांगला उतारा क्वचितच सापडेल. पण गाव तुम्ही पाडलं नाहीत, एवढ्याने त्याची नोंद करायची जबाबदारी संपत नाही. टेकडीचा एवढा मोकळा पसारा तुम्हाला खोदायला मिळाला तो कुणीतरी तिथून उठल्यामुळे मिळाला.

दुसरा आक्षेप तांत्रिक आहे. खाली पोचायचं तर वरचं काढावंच लागतं. सगळे थर जपायचे म्हटले तर कुणी कुठे खड्डाच घेऊ नये. बरोबर आहे, आणि म्हणूनच तर उत्खननशास्त्रात नोंदीला एवढं महत्त्व आहे. थर काढला की तो गेला. उरतो तो नकाशा, छायाचित्र, खापराच्या पिशवीवरची चिठ्ठी. वरचा थर काढू नका असं कुणी म्हणत नाही. पण खालच्या थरातल्या खापराला जशी चिठ्ठी लावता तशी वरच्यालाही लावा. ‘अलीकडची भर’ म्हणून फावड्याने ओढून टाकू नका.

तिसरा आक्षेप बोलून दाखवला जात नाही, पण तोच खरा आहे. सफ्फूरिया दाखवलं तर पर्यटकाच्या मनात प्रश्न येतील, आणि ते प्रश्न आजच्या जमिनीबद्दल असतील. इ.स.पू. 4 मध्ये रोमन सेनापती व्हारसने हे शहर जाळलं आणि लोकांना गुलाम केलं असं जोसेफस लिहितो; ती गोष्ट गाइड बिनधास्त सांगू शकतो, कारण तिचे वारस दावा लावायला येणार नाहीत. (त्या जाळपोळीचा ठोस पुरावा मातीत मिळालेला नाही, ही आणखी एक गंमत.) 1948 चे वारस पाच-सहा किलोमीटरवर राहतात. दोन हजार वर्षांपूर्वीच्या विस्थापितांबद्दल हळहळायला खर्च येत नाही.

महाराष्ट्रात बसून दुसऱ्यांना शहाणपण शिकवणं सोपं आहे, तेव्हा आपल्याकडेही पाहायला हवं. कोल्हापूरच्या ब्रह्मपुरीच्या टेकाडात ग्रीकांचा समुद्रदेव पोसायडन याची ब्राँझची मूर्ती मिळाली. रोमशी व्यापाराचा विषय निघाला की वर्तमानपत्रांत तिचा फोटो ठरलेला. त्याच टेकाडाच्या वरच्या थरांत बहामनी काळातल्या रंगीबेरंगी काचेच्या बांगड्यांचे तुकडे भरपूर मिळाले, त्यांचा अभ्यासही झाला. त्यांचा फोटो मी कुठल्या रविवारच्या पुरवणीत पाहिलेला नाही. सातवाहन आणि रोमन म्हटलं की आपली छाती फुगते, बहामनी म्हटलं की आपण पान उलटतो. आपल्याला आठवण ठेवावी असं उदाहरणही आपल्याकडेच आहे. पुरातत्त्वज्ञ हसमुख सांकलियांच्या पथकाने 1954 पासून नेवाशाचं लाडमोड टेकाड खोदलं, आणि अहवालात अश्मयुगापासून सुरुवात करून सगळ्यात वरच्या वस्तीपर्यंत सगळे थर नोंदवले. वरच्या काळाला त्यांनी ‘मुस्लिम-मराठा’ असं जोडनाव दिलं. आज देशात कुठेही ‘खोदा म्हणजे कळेल’ अशी आरोळी उठते, तेव्हा ती ठराविक एका थरापर्यंतच खोदा अशी असते. आपल्याला हवं ते लागलं की फावडं थांबतं. सांकलियांचं थांबलं नव्हतं, आणि त्यांनी वरचं टाकूनही दिलं नाही.

मराठी वाचकाचा या विषयाशी आणखी एक धागा आहे. कोकणातले ज्यू, म्हणजे बेने इस्रायल, आपले शनवार तेली, 1948 नंतर मोठ्या संख्येने इस्रायलला गेले. ‘मायबोली’ नावाचं मराठी नियतकालिकही त्यांनी तिथे चालवलं. तिथल्या धर्मपीठाने विवाहाच्या बाबतीत त्यांच्या ज्यूपणावरच शंका घेतली. तुमच्या आज्या-पणज्यांची चौकशी करू, मग लग्न लावू, असा तो प्रकार होता. 1964 मध्ये बेने इस्रायलांनी जेरुसलेममध्ये धरणं धरलं, प्रकरण संसदेत गेलं, आणि त्यांना इतर ज्यूंसारखंच मानावं असा निर्णय झाला. मला नेहमी वाटतं, सेफोरिसच्या सिनेगॉगचे पंच त्या धर्मपीठापुढे उभे राहिले असते तर काय झालं असतं. प्रार्थनागृहात ग्रीक अक्षरं, जमिनीवर राशी, मध्ये सूर्याचा रथ. अर्ज पहिल्या खिडकीवरच नामंजूर झाला असता. चिंचेच्या सावलीत शनिवार पाळणाऱ्या, मलिद्याचं ताट प्रेषित एलियाहू हन्नाबीच्या नावाने भरणाऱ्या लोकांना शुद्धतेचा दाखला मागणारी नजर आणि सफ्फूरियाला ‘भर’ समजणारी नजर, यांत मला फारसा फरक दिसत नाही. दोन्हींना आपल्या सोयीचा, धुतलेला-पुसलेला भूतकाळ हवा असतो.

मग करायचं काय? सफ्फूरियाच्या लोकांना जमीन परत मिळावी की नाही, हा प्रश्न पुरातत्त्वाच्या कक्षेबाहेरचा आहे. त्यावर माझं मत काहीही असो, उत्खनकाकडून त्याचं उत्तर मागणं बरोबर नाही. पण त्याच्या कक्षेतल्या गोष्टी आहेत. कायद्यातलं 1700 हे साल काढून तिथे वयाची अट घालता येईल. शंभर नको असतील तर सत्तर वर्षं धरा. तेवढी 1948 ला केव्हाच होऊन गेली. उद्यानातल्या फलकांवर नाट्यगृह, वाडा, सिनेगॉग यांच्याइतक्याच ठळकपणे सफ्फूरियाचं नाव, त्याची लोकसंख्या आणि ते कसं संपलं हे लिहिता येईल, हिब्रू, अरबी आणि इंग्रजीत. बुरुजाची ओळख क्रूसेडरांपाशी न थांबता शाळेपर्यंत आणता येईल. पाइनच्या झाडांखाली जे पाये आणि कबरी शिल्लक आहेत त्यांचं रीतसर सर्वेक्षण करता येईल. त्यासाठी खड्डाही घ्यावा लागणार नाही, चालत जाऊन मोजमाप घ्यायचं आहे.

या सर्वेक्षणाला एक गोष्ट मिळू शकते जी डायोनिससच्या वाड्याला कधीच मिळणार नाही. वाड्याचा मालक ज्यू होता की रोमन, यावर विद्वान आणखी शंभर वर्षं भांडतील, कारण सांगायला कुणी नाही. सफ्फूरियातलं कुठलं घर कुणाचं, अंगणात काय होतं, विहिरीवर कोण यायचं, हे सांगणारी माणसं नाझरेथच्या सफाफ्रा मोहल्ल्यात अजून मिळू शकतात. गाव उठलं तेव्हा जी मुलं दहा वर्षांची होती ती आज नव्वदीच्या घरात आहेत, तेव्हा ही नोंद करायला फार तर चार-सहा वर्षं हातात आहेत. उत्खननाचा परवाना मागणाऱ्या प्रत्येक मोहिमेला त्या टेकडीवर खोदण्याआधी या माणसांशी बोलण्याची अट घालावी, आणि त्यांच्या सांगण्याचा मजकूर अहवालाच्या पहिल्या प्रकरणात छापावा. वरचा थर तोच आहे, आणि अहवाल वरूनच सुरू व्हायला हवा.